संगणक बंद पडण्याआधी त्याचं बिऱ्हाड हलवा : जुन्या संगणकाचं व्हर्च्युअल मशीन करताना



आजचा लेख थोडा तांत्रिक आहे. पण घाबरू नका. मी डी.एड. झालेली प्राथमिक शिक्षिका आहे, संगणक अभियंता नाही. मला जमलं म्हणजे तुम्हालाही जमेल. लेख शेवटपर्यंत वाचा, कारण असा एखादा संगणक तुमच्या शाळेच्या कार्यालयात आजही धूळ खात असेल.

आमची कोकणातली जिल्हा परिषदेची शाळा. कार्यालयात लोखंडी कपाटाशेजारी एक जुना ड्युअल कोअर संगणक होता. विंडोज ७, ३२-बिट, दोन जीबी रॅम. मुलं त्याला हात लावत नसत. आम्हीही क्वचितच लावायचो. मग तो ठेवला कशाला? एका प्रोग्रामसाठी.

आमच्या शाळेत पूर्वी एक गुरुजी होते. त्यांनी निवृत्तीआधी दोन वर्षं, रोज शाळा सुटल्यावर बसून, शाळेच्या सगळ्या जुन्या जनरल रजिस्टरांची सूची तयार केली. डॉसवर चालणाऱ्या फॉक्सप्रोमध्ये. आडनाव टाइप केलं की रजिस्टर क्रमांक, पान क्रमांक आणि प्रवेशाचं वर्ष समोर येतं. सर्वांत जुनी तीन रजिस्टरं मोडी लिपीत आहेत. गुरुजींना मोडी वाचता यायची, आम्हा कुणालाच येत नाही. गुरुजी आज हयात नाहीत. म्हणजे ती सूची गेली असती, तर ती तीन रजिस्टरं कपाटात असूनही आमच्यासाठी मुकी झाली असती.

गेल्या पावसाळ्यात गावातले एक आजोबा आले. नातवाचा इंजिनिअरिंगचा प्रवेश, जात वैधता प्रमाणपत्र हवं, आणि त्यासाठी आजोबांच्या वडिलांची शाळेतली नोंद हवी. ज्यांनी हे काम केलंय त्यांना माहीत आहे, इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा पुरावा बघतात, आणि शाळेच्या रजिस्टरातली नोंद हा त्यातला मोठा आधार असतो. मी संगणकाचं बटण दाबलं. पंखा फिरला आणि थांबला. पुन्हा दाबलं, तेच. तिसऱ्या वेळी कसाबसा सुरू झाला. नोंद सापडली, आजोबा समाधानाने गेले. पण माझ्या पोटात गोळा आला. चौथ्या वेळी हा सुरू झाला नाही तर?

त्याच आठवड्यात मी हा संगणक ‘व्हर्च्युअल’ करायचं ठरवलं.

व्हर्च्युअल मशीन म्हणजे काय?

सोप्या भाषेत सांगायचं तर, संगणकाच्या आत चालणारा दुसरा संगणक. तुमच्या लॅपटॉपवर एक खिडकी उघडते आणि त्या खिडकीत एक वेगळा संगणक सुरू होतो. त्याची स्वतःची विंडोज, स्वतःचे प्रोग्राम, स्वतःची हार्ड डिस्क. फरक एवढाच की ती हार्ड डिस्क म्हणजे खरी वस्तू नसते, तुमच्या लॅपटॉपवरची एक मोठी फाईल असते. आतल्या विंडोजला हे कळतही नाही.

ही कल्पना नवी नाही. १९६० च्या दशकात आयबीएमच्या मोठ्या संगणकांवर हे काम सुरू झालं आणि १९७२ मध्ये त्यांनी व्हीएम/३७० ही प्रणाली जाहीर केली. आपल्या टेबलावरच्या साध्या संगणकावर ती रुळवली १९९८ मध्ये स्थापन झालेल्या व्हीएमवेअर कंपनीने. २००७ मध्ये व्हर्च्युअलबॉक्स आलं. ते आज ओरॅकल कंपनीकडे आहे आणि त्याचा मूळ भाग विनामूल्य मिळतो.

आता, खराखुरा संगणक जसाच्या तसा उचलून व्हर्च्युअल मशीनमध्ये बसवणं, याला ‘फिजिकल टू व्हर्च्युअल’ म्हणतात. थोडक्यात ‘पी टू व्ही’. मोठ्या संस्थांत यासाठी व्हीएमवेअरचं कन्व्हर्टर वापरतात. आपल्याला एका संगणकापुरतं करायचं असेल तर डिस्क-टू-व्हीएचडी हे मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्स संचातलं छोटंसं मोफत साधन पुरेसं आहे. मी तेच वापरलं.

नुसत्या फायली कॉपी करून का भागत नाही?

हा प्रश्न आमच्या मुख्याध्यापकांनीही विचारला. “पेनड्राइव्हवर घ्या की, मॅडम!” मी बिऱ्हाडाचं उदाहरण दिलं. घर मोडकळीला आलं म्हणून तुम्ही कपडे आणि भांडी उचलून आणलीत, तर सामान आलं, संसार नाही आला. चूल कुठे, डबे कोणत्या फळीवर, कुठली किल्ली कुठल्या कुलपाची, हे सगळं जुन्या घरातच राहिलं. फायली कॉपी करणं म्हणजे कपडे-भांडी आणणं. पी टू व्ही म्हणजे किल्ल्या, फळ्या आणि चुलीसकट आख्खं बिऱ्हाड हलवणं.

आमच्या बाबतीत आणखी एक अडचण होती. गुरुजींचा प्रोग्राम १६-बिटचा. ३२-बिट विंडोजवर तो चालतो, पण ६४-बिट विंडोजवर १६-बिट प्रोग्राम चालतच नाहीत. आजचे जवळपास सगळे लॅपटॉप ६४-बिटचे. त्यामुळे नुसतं फोल्डर नेऊन उपयोग नव्हता. शिवाय प्रोग्रामच्या फायली नेमक्या कुठे कुठे आहेत, हेही आम्हाला ठाऊक नव्हतं.

म्हणून या लेखातला मुख्य मुद्दा लक्षात ठेवा : आधी सगळं जसंच्या तसं वाचवा, मग निवांत समजून घ्या. वस्तू मरणाच्या दारात असताना तिच्यात काय महत्त्वाचं आणि काय नाही, हे ठरवत बसू नये.

लागणारं साहित्य

१. जुना संगणक, चालू अवस्थेत. शक्यतो यूपीएसवर.
२. बाहेरून जोडायची हार्ड डिस्क, एनटीएफएस पद्धतीने फॉरमॅट केलेली.
३. बऱ्यापैकी नवा लॅपटॉप, किमान ८ जीबी रॅम असलेला.
४. डिस्क-टू-व्हीएचडी आणि व्हर्च्युअलबॉक्स, दोन्ही त्यांच्या अधिकृत संकेतस्थळावरूनच घ्या.
५. मुख्याध्यापकांची परवानगी. हे सर्वांत आधी. त्या संगणकात मुलांची माहिती असते, ती आपल्या वैयक्तिक डिस्कवर विचारल्याशिवाय न्यायची नाही.

कृती

पहिली पायरी : संगणक सुरू झाला की सर्वांत आधी महत्त्वाची वाटणारी फोल्डरं साधी कॉपी करून घ्या. पूर्ण डिस्क वाचताना जुन्या डिस्कवर ताण येतो. मधेच ती गेली तर हाती निदान काहीतरी हवं. डिस्कमधून टकटक आवाज येत असेल तर पुढे जाऊ नका, जाणकाराला दाखवा.

दुसरी पायरी : बाहेरची हार्ड डिस्क जोडा आणि डिस्क-टू-व्हीएचडी चालवा. ते इन्स्टॉल करावं लागत नाही. समोर डिस्कच्या सगळ्या भागांची यादी येते. सी ड्राइव्हवर खूण करा, आणि ‘सिस्टीम रिझर्व्ड’ नावाच्या छोट्या भागावरही करा. तो साधारण १०० एमबीचाच असतो, पण विंडोज ७ सुरू होण्याची किल्ली त्यातच असते.

तिसरी पायरी : ‘व्हॉल्यूम शॅडो कॉपी’ या पर्यायावर खूण असू द्या. त्यामुळे संगणक चालू असतानाही डिस्कची त्या क्षणाची स्थिर प्रत घेतली जाते. ‘व्हीएचडीएक्स’ची खूण काढा, कारण व्हर्च्युअलबॉक्ससाठी साधी व्हीएचडी फाईल सोयीची. फाईल बाहेरच्या डिस्कवरच साठवा, त्याच डिस्कवर नको. मग ‘क्रिएट’ दाबा आणि चहा घ्या. आमच्या डिस्कवर ३१ जीबी भरलेली होती, त्याला सव्वा तास लागला. डिस्क १६० जीबीची असली तरी फाईल भरलेल्या जागेएवढीच होते.

चौथी पायरी : तयार झालेल्या फाईलची लगेच एक प्रत करा. मूळ फाईल बाजूला ठेवा, पुढचं सगळं काम प्रतीवर. व्हर्च्युअल मशीन चालू झालं की ते फाईलमध्ये बदल करत राहतं, म्हणून ही काळजी. आणि ही फाईल त्याच जुन्या संगणकावर जोडून बघू नका. एकाच ओळखीच्या दोन डिस्क बघून विंडोज एकीची ओळख बदलते आणि मग ती प्रत सुरू व्हायला अडते.

पाचवी पायरी : लॅपटॉपवर व्हर्च्युअलबॉक्स इन्स्टॉल करा. नवं मशीन तयार करताना प्रकार ‘विंडोज ७, ३२-बिट’ निवडा, २ जीबी रॅम द्या आणि नवी डिस्क न बनवता ‘आधीची डिस्क फाईल वापरा’ हा पर्याय निवडून आपली व्हीएचडी दाखवा. मशीन सुरूच होत नसेल तर लॅपटॉपच्या बायोसमध्ये ‘व्हर्च्युअलायझेशन’ हा पर्याय चालू आहे का ते बघा. बऱ्याचदा तो बंद असतो.

सहावी पायरी : सुरू करण्याआधी नेटवर्कच्या सेटिंगमध्ये ‘नॉट अटॅच्ड’ करा. विंडोज ७ ला १४ जानेवारी २०२० पासून सुरक्षेचे नेहमीचे अपडेट बंद झाले आहेत. असं मशीन इंटरनेटवर सोडायचं नाही.

मी कुठे अडखळले

सगळं एका दमात झालं असं नाही. माझ्या चुका सांगते, म्हणजे तुमचा वेळ वाचेल.

पहिली चूक : मी सुरुवातीला हाताशी होता तो ६४ जीबीचा पेनड्राइव्ह लावला. थोड्या वेळाने काम थांबलं. कारण पेनड्राइव्ह एफएटी३२ पद्धतीचा होता आणि त्यावर ४ जीबीपेक्षा मोठी फाईल मावतच नाही, जागा कितीही शिल्लक असो. म्हणून वर ‘एनटीएफएस’ आवर्जून लिहिलंय.

दुसरी चूक : पहिल्या खेपेला फक्त सी ड्राइव्ह निवडला. वाटलं, बाकीचं काय करायचंय? लॅपटॉपवर मशीन सुरू केलं तर काळ्या पडद्यावर पांढरी अक्षरं. किल्ली जुन्या घरात विसरून आले होते! दुसऱ्या दिवशी पुन्हा सव्वा तास. जुना संगणक तेवढ्यापुरता सुरू झाला हे माझं नशीब.

तिसरी अडचण ही चूक नव्हती, पण घाम फुटला. या वेळी विंडोजचं चिन्ह दिसलं आणि लगेच निळा पडदा, शेवटी ७बी असलेला संदेश. याचा अर्थ विंडोजला स्वतःची डिस्क सापडत नाही. आपण नव्या घरात राहायला गेलो की पहिल्या रात्री दिव्याचं बटण जुन्या सवयीने चाचपडतो ना, तसंच. आमच्या जुन्या संगणकात डिस्क आयडीई पद्धतीने जोडलेली होती, आणि मी नव्या मशीनमध्ये ती साटा पद्धतीने दाखवली होती. मशीन बंद केलं, स्टोरेजच्या सेटिंगमध्ये डिस्क साटावरून काढून आयडीईला जोडली आणि पुन्हा सुरू केलं.

आणि गुरुजींचा डेस्कटॉप समोर आला. तोच आंब्याच्या झाडाचा फोटो, तीच पडद्यावरची चिन्हं. प्रोग्राम उघडला, आजोबांचं आडनाव टाइप केलं. रजिस्टर क्रमांक आला, पान क्रमांक आला. मी आणि शेजारच्या वर्गाच्या बाई, दोघी काही क्षण बोललोच नाही.

सुरू झालं म्हणजे संपलं नाही

इथेच बरेच जण थांबतात. थांबू नका. व्हर्च्युअल मशीन म्हणजे कायमचा इलाज नव्हे, आपण मिळवलेली सवड आहे. त्या सवडीत पुढची कामं करायची.

एक, माहिती बाहेर काढा. व्हर्च्युअल मशीन बंद करून व्हीएचडी फाईल विंडोज १० मध्ये ‘डिस्क मॅनेजमेंट’मधून ‘रीड ओन्ली’ जोडता येते. साध्या ड्राइव्हसारखी उघडते. म्हणजे मशीन अजिबात सुरू झालं नाही तरी आतल्या फायली हाती लागतातच. गुरुजींच्या सूचीच्या डीबीएफ फायली मला तशाच मिळाल्या आणि लिब्रेऑफिस कॅल्कमध्ये उघडल्या. आता ती सूची साध्या तक्त्यात आहे, कुठल्याही संगणकावर शोधता येते.

दोन, पडताळणी करा. मी देवनागरी रजिस्टरांतली वीस नावं काढून प्रत्यक्ष पानं उघडून बघितली. अठरा बरोबर, दोनांचे पान क्रमांक चुकलेले. म्हणून सूची ही फक्त वाट दाखवणारी पाटी. दाखला देताना पुरावा कागदावरच्या मूळ रजिस्टराचाच. संगणकात दिसलं म्हणून कधीही लिहून द्यायचं नाही.

तीन, प्रती दोन ठिकाणी ठेवा. एक शाळेच्या कपाटात, एक मुख्याध्यापक सांगतील त्या सुरक्षित ठिकाणी. आपल्या खाजगी ऑनलाइन खात्यावर चढवू नका. त्यात गावातल्या पिढ्यान्‌पिढ्यांची नावं, जाती, जन्मतारखा आहेत.

चार, परवान्याचं भान ठेवा. संगणकासोबत आलेली ओईएम विंडोज त्या यंत्रापुरतीच असते. नव्या मशीनमध्ये ती पुन्हा ॲक्टिव्हेशन मागते, कारण सगळं हार्डवेअर बदललेलं दिसतं. माहिती बाहेर काढून झाली की ते मशीन रोजच्या वापराला ठेवू नये. वापरायचंच असेल तर योग्य परवाना घ्यावा.

पाच, जुना संगणक परस्पर भंगारात देऊ नका. तो जडवस्तू संग्रह नोंदवहीत आहे, त्याचं रीतसर निर्लेखन व्हायला हवं. आणि त्याआधी त्याची हार्ड डिस्क पूर्ण पुसून घ्या.

संगणक सुरूच होत नसेल तर? तरी आशा सोडू नका. बहुतेक वेळा पॉवर सप्लाय किंवा मदरबोर्ड जातो, डिस्क चांगली असते. ती काढून साटा-यूएसबी केबलने दुसऱ्या संगणकाला जोडली की निदान फायली तरी मिळवता येतात.

वर्गात कसं सांगाल?

चौथी-पाचवीच्या मुलांना मी हे दाखवलं. आधी तीन डबे घेतले, एकात एक बसणारे. मग लॅपटॉपच्या खिडकीत दुसरा संगणक सुरू करून दाखवला. त्यासाठी शाळेचा डेटा असलेलं मशीन मुळीच वापरलं नाही, एक मोफत लिनक्स वेगळं बसवलं होतं. त्याची ‘स्नॅपशॉट’ घेतली, म्हणजे त्या क्षणाची स्थिती जपून ठेवली, आणि मुलांना सांगितलं, “आता हवं ते बिघडवा.” त्यांनी आनंदाने फोल्डरं उडवली, पडद्याचे रंग बदलले. मग एका क्लिकवर सगळं होतं तसं. वर्गात टाळ्या!

एका मुलीने विचारलं, “बाई, आतल्या संगणकाला पण व्हायरस होतो का?” होतो की. आतला संगणकही संगणकच, त्याचीही काळजी घ्यावी लागते. दुसऱ्याने विचारलं, “मग आतल्याच्या आत अजून एक करता येईल?” येतो, पण प्रत्येक डब्यात जागा कमी कमी होत जाते. डब्यांचं उदाहरण मुलांनीच पूर्ण केलं. चुकायला मोकळीक असली की मुलं किती धीटपणे शिकतात, हे पुन्हा एकदा दिसलं.

पालकांसाठी दोन शब्द

तुमच्याही घरी असा एखादा संगणक असेल. वडिलांच्या दुकानाचे हिशोब, आईने टाइप केलेल्या ओव्या, मुलांच्या बारशाचे फोटो. “बघू कधीतरी” म्हणत आपण तो माळ्यावर टाकतो. तिथला दमटपणा आणि उंदीर आपली वाट बघत नाहीत. माळ्यावर टाकण्याआधी एक रविवार द्या. पूर्ण व्हर्च्युअल मशीन करायची गरज प्रत्येकाला नसते. नुसते फोटो असतील तर साधी कॉपी पुरते. पण एखादा जुना प्रोग्राम, जुना फॉन्ट, जुने हिशोब त्याच संगणकावर उघडत असतील, तर वरची कृती तुमच्यासाठीच आहे.

परवा ते आजोबा पुन्हा आले होते, भावाच्या नातीसाठी. मी तक्त्यात नाव शोधलं, कपाटातून रजिस्टर काढलं, पान उघडलं. पाच मिनिटांत काम झालं. पान मोडीत असल्याने तालुक्यातल्या एका मोडी जाणकारांकडून ते वाचून घेणार आहोत, पण कोणतं पान वाचायचं हे गुरुजींनी आधीच सांगून ठेवलंय. आजोबांनी कोपऱ्याकडे बघून विचारलं, “तो संगणक कुठं गेला, बाई?” मी म्हटलं, “हाय की, याच्या आत.”

शिक्षक मित्रहो, उद्या शाळेत गेलात की एकच करा. कार्यालयातला तो जुना संगणक सुरू होतो का, ते बघा. सुरू झाला तर आजच त्याची प्रत घ्या.